पेढ्यांची खूण

"चित्र तर आम्ही कचऱ्याच्या डब्यात टाकलं," निकम काकू म्हणाल्या, "मग हे अजून वाजतंय कसं?"

कॉम्प्युटर सुरू झाला होता आणि पडद्याच्या मधोमध एक गुलाबी चौकोन उघडला होता. दोन्ही बाजूंना केळीचे खुंट, वर तोरण आणि मध्ये 'शुभघटिका आपले स्वागत करीत आहे, कृपया थांबा' अशी अक्षरं. मागून सनईचा एक तुकडा वाजला, अर्ध्यातच तुटला आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू झाला.

"किती वेळ थांबायचं असतं?" मी विचारलं.

"पूर्वी लगेच उघडायचं. आता दुपारपर्यंत थांबलं तरी हेच. सूनबाई म्हणाली, कंपनीच बंद पडली. म्हणून तिनं ते चित्र काढून टाकलं. तरी सकाळ झाली की सनई आहेच."

पडद्यावरचं चित्र काढलं म्हणजे सॉफ्टवेअर गेलं, असं समजणारी माणसं मला रोज भेटायची. दारावरची पाटी काढली म्हणून आतलं बिऱ्हाड हलत नाही, असं मी त्यांना सांगायचे आणि ती हसायची. त्या दिवशी मी तेही बोलले नाही. मला काम उरकून लवकर खाली उतरायचं होतं.

साताऱ्यात शनिवार पेठेतल्या एका जिन्यावर काकूंचं 'मंगलतोरण वधूवर सूचक केंद्र' होतं. पोवई नाक्याजवळ माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान. कुणीतरी त्यांना माझं नाव सुचवलं होतं, तेही 'नाक्यावरची कॉम्प्युटरवाली' एवढंच. आडनाव त्यांनी विचारलं नाही, मी सांगितलं नाही. कारण याच केंद्रात दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, कितीतरी वर्षांपूर्वी माझं नाव घातलं होतं.

पहिल्या वर्षभरात बरीच स्थळं आली. शेवटचं फलटणकडचं होतं. मी पोहे घेऊन बाहेर आले तर मुलाच्या मामांनी खिशातून मोबाइल काढला. "हिला त्यातलं कळतं म्हणे. जरा बघ गं, आवाज येत नाही." मी त्यांच्या मोबाइलमधली धूळ साफ केली, आवाज आला, मामा खूश झाले. चार दिवसांनी नकार आला. तेव्हा मी दुसऱ्याच्या दुकानात नोकरी करत होते. पुढे थोड्याच दिवसांत मी स्वतःचं दुकान उघडलं आणि त्यानंतर एकही स्थळ आलं नाही. नकारसुद्धा नाही. फोन वाजायचाच थांबला.

दुकान टाकलेली, हातात स्क्रूड्रायव्हर घेऊन बसणारी, रंगानं सावळी मुलगी. लोकांनी काय ते ठरवलं असणार, असं मी धरून चालले. आत्या आली की दादांना माझ्याबद्दल विचारायची, "अंज्याचं काय?" दादा म्हणायचे, "नाव घातलंय की. बघू." आणि मी आत चहा टाकायला जायचे. मी छत्तिशीला आले तरी हे असंच चाललं होतं.

"सनईचं मेलं काही नाही," काकू खुर्ची ओढून माझ्या शेजारी बसल्या. "वाजून वाजून दमेल. खरी भानगड वेगळी आहे."

"काय झालं?"

"मागच्या आठवड्यात कोरेगावचे एक गृहस्थ आले होते. त्यांच्या मुलीचं लग्न मीच जमवलेलं. नाही पटलं बिचारीचं. नुकताच कोर्टात निकाल लागला, मुलगी माहेरी आली. आणि तिच्या फोनवर आमचा मेसेज गेला. लग्नाच्या वाढदिवसाच्या हार्दिक शुभेच्छा." काकूंनी पदरानं चष्मा पुसला. "मला एक शब्द वाकडा बोलले नाहीत गं. फोन माझ्यापुढे धरला आणि नुसते उभे राहिले. त्यापेक्षा शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं."

"पण सॉफ्टवेअर तर बंद आहे."

"तेच तर तुला विचारते आहे. बंद आहे तर पाठवतंय कोण? अजून कुणाकुणाला जात असतील? त्यात कुणी गेलेलं असेल, कुणी सोडलेलं असेल. मला झोप नाही, बाई. हे मुळासकट काढ."

मी कामाला लागले. सॉफ्टवेअर काढायला गेले तर त्यानं आधी इंटरनेटवरून कंपनीची परवानगी मागितली. कंपनीच नाही, तर परवानगी कुठून येणार? तेही मिनिटभर वाट बघायचं आणि 'पुन्हा प्रयत्न करा' म्हणायचं. खाली मदतीसाठी एक नंबर होता. काकूंनी तो तत्परतेनं लावला आणि फोन मोठ्या आवाजावर ठेवला.

"हॅलो, शुभघटिका का?"

"नाय ओ. बोरच्या मोटारी. किती फुटावर पाणी हाय तुमचं?"

काकूंनी फोन ठेवला. आम्ही दोघीही हसलो, आणि मला जरा मोकळं वाटलं.

मग मी हातानंच साफसफाई सुरू केली. त्याचं फोल्डर उडवलं. कॉम्प्युटर सुरू होताना ज्या गोष्टी आपोआप चालू होतात, त्यांत शुभघटिका लपून बसली होती, तिथून तिला काढलं. रोज सकाळी सनई वाजवायचं काम तिनं वेगळं लावून ठेवलं होतं, ते पुसलं. इंटरनेट उघडलं की पहिल्यांदा तिचंच पान यायचं, ते बदललं. काकूंच्या ईमेलमध्ये शिरून हवं ते वाचायची परवानगी तिनं कधीतरी घेतली होती, ती काढून घेतली. काकू प्रत्येक गोष्टीला "अगं बाई" म्हणत होत्या.

"जावयासारखं घरात बसलं होतं की गं हे."

"जावई निदान जेवून जातो, काकू."

कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू केला. सनई नाही, तोरण नाही. काकूंनी टाळी वाजवली आणि चहा टाकायला उठल्या.

"मेसेजचं राहिलंय," मी म्हणाले. "ते या कॉम्प्युटरमध्ये नाही. पण आधी मला सांगा, कुणाला शुभेच्छा पाठवायच्या हे त्याला कळायचं कसं?"

"पेढ्यांवरून," काकू स्वयंपाकघरातून म्हणाल्या.

"म्हणजे?"

"अगं, लोक लग्न ठरलं की कळवत नाहीत. आपलं काम झालं, कशाला सांगा? मी इकडे फोन करकरून दुसरी स्थळं पाठवत बसायची आणि तिकडे लग्नाचे लाडू खाऊन झालेले असायचे. कुणी फोनवर 'ठरलं' म्हणायचं आणि पंधरा दिवसांत मोडायचं. म्हणून मी माझा नियमच केला. पेढे दारात आले की ठरलं. त्या सॉफ्टवेअरवाल्या मुलाला सांगून एक चौकट करून घेतली. पेढे आले की तिच्यात खूण करायची. मग ते नाव स्थळांतून निघायचं, पुन्हा कुणाला दाखवायचंच नाही. आणि त्या तारखेला दरवर्षी शुभेच्छा जायच्या."

"पेढे आले ती लग्नाची तारीख?"

"खरी तारीख मागून कळली तर घालायची. नाही कळली तर पेढ्यांचीच. थोडं इकडेतिकडे झालं तर काय बिघडलं?" त्या चहा घेऊन आल्या. "काही माणसं फार चांगली असतात बघ. एक गृहस्थ आहेत, किर्दत म्हणून. एसटीच्या वर्कशॉपमध्ये होते. मुलीच्या लग्नाला इतकी वर्षं झाली, अजून दरवर्षी त्या दिवशी कंदी पेढ्यांचा डबा आणून ठेवतात. जास्त बोलत नाहीत. 'बरं चाललंय' म्हणतात आणि जातात. असं लक्षात ठेवणारं कोण भेटतं हल्ली?"

मी कप खाली ठेवला. किर्दत हे आमचंही आडनाव. पण साताऱ्यात किर्दत पुष्कळ आहेत. दादांसारखे एसटीत नोकरी केलेलेही असतील. मी स्वतःला तेवढं सांगितलं आणि कामाला लागले.

मेसेज पाठवणारी कंपनी वेगळी होती आणि ती ठणठणीत होती. शुभघटिकावाल्यांनी सुरुवातीलाच काकूंच्या नावानं तिच्याकडे खातं उघडून मेसेजचा मोठा साठा घेऊन ठेवला होता. सॉफ्टवेअर मेलं, पण त्यानं मागे ठेवलेल्या तारखा तिकडे जिवंत होत्या. एक-एक तारीख उजाडत होती आणि मेसेज सुटत होता. खातं काकूंच्याच नंबरावर होतं हे नशीब. नवीन पासवर्ड मागितला, त्यांच्या फोनवर आकडे आले, ते घातले, आणि पान उघडलं.

सगळ्यात वर लिहिलं होतं, 'पुढील संदेश: उद्या, सकाळी दहा.' त्याखाली तो संदेश.

'सौ. अंजनी यांना विवाहाच्या वाढदिवसाच्या हार्दिक शुभेच्छा. आपला संसार सुखाचा होवो. मंगलतोरण परिवार.'

आणि त्याखाली दादांचा नंबर. तो मला चुकणं शक्य नव्हतं. सिमकार्ड घ्यायला मीच त्यांच्याबरोबर गेले होते, आणि शेवटचे आकडे त्यांनी एका जुन्या बसच्या नंबरावरून हट्टानं निवडले होते. उद्याची तारीख माझ्या दुकानाच्या उद्घाटनाची होती.

"काय गं, सापडलं का?" काकूंनी विचारलं.

"सापडलं."

"मग उडव की."

माझा हात माउसवर होता. मी बाकीच्या सगळ्यांना जाणारे मेसेज बंद केले. तेवढा एक तसाच ठेवला.

"बाकी सगळं थांबवलंय, काकू. कोरेगावसारखं आता कुणाला काही जाणार नाही. खातं मात्र उद्या येऊन बंद करते. एक बघायचं राहिलंय."

जिना उतरताना मी तारखा जुळवत होते. दुकान उघडलं त्या दिवशी दादांनी पेढे वाटले होते, हे मला आठवत होतं. एक डबा इकडेही दिला असणार आणि काकूंनी त्यावरून खूण केली असणार. म्हणजे लोकांनी मला नाकारलं नव्हतं. मी कुणाला दिसलेच नव्हते. इथपर्यंत चूक होती, आणि चूक कुणाच्याही हातून होते. पण मग पुढची सगळी वर्षं? दरवर्षीचा तो दुसरा डबा? दादांना ठाऊक होतं का, एवढंच मला हवं होतं. ठाऊक नसेल तर त्यांना सांगायचं कसं, की तुम्ही आनंदानं नेलेल्या पेढ्यांनी हे केलं? आणि ठाऊक असेल तर?

घरी आले तेव्हा दादा तव्यापाशी उभे होते. आई गेल्यापासून संध्याकाळच्या भाकरी तेच करत. मापानं थापलेल्या, सगळ्या एकसारख्या. इतकी वर्षं चाकं बघितली आहेत, मग भाकरी वाकडी कशी होईल, असं ते म्हणायचे.

"आलीस व्हय? हात धू. गरम गरम खाऊन घे."

मी हात धुतले आणि तिथेच पाटावर बसले.

"दादा, उद्या पेढे आणणार?"

"म्हंजे काय? दुकानाचा वाढदिवस न्हवं का. दरसाल आणतो."

"किती डबे?"

त्यांचा हात पिठावर थांबला. माझ्याकडे न बघता ते म्हणाले, "दोन."

"एक दुकानात. दुसरा?"

तव्यावरची भाकरी फुगली आणि खाली बसली. त्यांनी ती उलटली नाही.

"निकम वहिनींकडं गेलतीस?"

"कॉम्प्युटर साफ करायला बोलावलं होतं. तुमच्या फोनवर उद्या सकाळी दहाला मेसेज येणार आहे. माझ्या लग्नाच्या वाढदिवसाचा."

"दरसाल येतो," दादा म्हणाले.

ठाऊक होतं. दादांनी हात झटकले आणि माझ्यासमोर खाली बसले.

"पयल्या साली खरंच दुकानाचे म्हणून दिलते गं. त्या घरी नव्हत्या. शेजारणीकडं डबा ठिवला, आमचं नाव सांगितलं आन् आलो. मला काय ठावं त्यांचा असला नियम हाय? मग वरीस झालं आन् फोनवर ते आलं. सौ. अंजनी. मी म्हटलं, ह्ये कायतरी चुकलंय. सांगून येऊ म्हणून चपला घातल्या. निघालो बी."

"मग?"

"वाटंत तुझं दुकान लागलं. तू आपली स्टुलावर बसून कसलीतरी पेटी उघडली हुतीस. दोन-चार गिऱ्हाइकं भवती. कोणतरी काय बोललं आन् तू हसलीस. मोठ्यानं, पार रस्त्यावर आईकू आलं. तुझी आई गेल्यापासनं तसलं हसणं मी आईकलं नव्हतं." त्यांनी पिठाचे हात गुडघ्याला पुसले. "म्हटलं, आज जाऊन सांगितलं तर उद्यापासनं परत फोन. परत पोहे. परत कुणाचातरी मामा आपला फोन फुडं करणार आन् तू मान खाली घालून पुसत बसणार. त्या दिवशी तू तो फोन पुसत हुतीस ना, तवा मला त्या मामाला उचलून भायेर टाकावंसं वाटलं हुतं. मी तसाच माघारी फिरलो."

"आणि नंतर दरवर्षी पेढे?"

"न्हाय नेले आन् वहिनींना शंका आली तर? नाव परत घातलं असतं त्यांनी."

"आत्याला सांगायचात, नाव घातलंय म्हणून."

"घातलंच हुतं की. त्यात खोटं काय?"

एरवी याला मी पोट धरून हसले असते. त्या वेळी मला राग आला. असा राग दादांवर मला आयुष्यात कधी आला नव्हता, आणि तो बोलून दाखवताना माझा आवाजही चढला नाही, याचंच मला नंतर नवल वाटलं.

"दादा, तुम्हाला दुकानातलं हसणं दिसलं. पण मी इतकी वर्षं काय समजत होते, माहीत आहे? मला वाटत होतं की मी कुणालाच नको आहे. नकार द्यायलासुद्धा कुणाला यावंसं वाटत नाही. चुलत ताईच्या मुलीच्या लग्नात मी तीन दिवस स्वयंपाकघराच्या बाहेर आले नाही. चांगली साडी नेसायची म्हटलं तरी मला लाज वाटायची. वाटायचं, लोक म्हणतील, हिला कशाला हवं नटायला."

भाकरीचा जळका वास सुटला होता आणि दोघांपैकी कुणीही उठलं नाही.

"ह्ये माझ्या ध्यानातच आलं न्हाय," दादा म्हणाले. "तू सुटलीस असं मी समजत हुतो. तू कधी बोलली न्हाईस."

"तुम्ही कधी विचारलं नाहीत. आणि मी बोलले तर तुम्हाला वाईट वाटेल म्हणून मी गप्प."

"तुला करायचं हुतं का लग्न?"

"माहीत नाही. ते ठरवायची वेळच माझ्यावर आली नाही. तुमच्या पेढ्यांनी ते ठरवून टाकलं."

त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मी त्यांचा हात धरला नाही. धरावासा वाटला, पण राग अजून पुरता उतरला नव्हता. मी उठून गॅस बंद केला, काळी पडलेली भाकरी बाजूला काढली आणि दुसरी थापायला घेतली. माझी भाकरी कायम नकाशासारखी होते.

"मग आता इचारतो," दादा मागून म्हणाले. "काय करायचं?"

"उद्या सांगते."

सकाळी आंघोळ करून मी बाहेर आले तेव्हा ते इस्त्रीचा शर्ट घालून तयार होते. दोन डबे टेबलावर शेजारी शेजारी ठेवलेले. एकावर हात ठेवून ते उभे होते.

"ह्यो घिऊ का ऱ्हाऊ दे?"

मी त्या दिवशी कपाटातली हिरवी साडी काढून नेसले होते. ती त्यांच्या नजरेला आली.

"घ्या," मी म्हणाले. "मीही येते तुमच्याबरोबर."

निकम काकूंनी दार उघडलं आणि त्यांचा चेहरा फुलला. "या या, किर्दत! आजचा दिवस काही तुम्ही विसरत नाही. आणि हे काय, आमच्या कॉम्प्युटरवालीची नि तुमची जिन्यात गाठ पडली वाटतं?"

"वहिनी," दादा म्हणाले, "ही माझी मुलगी. अंजनी."

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मग त्यांची नजर माझ्या मोकळ्या गळ्यावर गेली, तिथून डब्यावर, आणि पुन्हा माझ्या चेहऱ्यावर आली. त्या मागे सरकून खुर्चीत बसल्या.

"लग्न..."

"झालं नाही, काकू. तुम्हाला पहिल्यांदा आलेले पेढे माझ्या दुकानाचे होते."

"अगं देवा." त्यांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं. "म्हणजे मी खूण केली आणि तुझं नाव... इतकी वर्षं? मी लोकांची लग्नं जमवते म्हणून मिरवते आणि माझ्याच हातानं..."

"तुमचं न्हाय, वहिनी," दादा म्हणाले. "चुकून झालं तेवढंच तुमचं. म्होरलं सगळं माझं. मला ठावं हुतं. मी मुद्दाम पेढे आणत ऱ्हायलो."

काकूंना ते समजायला वेळ लागला. समजलं तेव्हा त्या दादांवर चिडल्या, मग रडल्या, मग माझा हात धरून नुसत्याच बसल्या. त्यांचा हात थंडगार होता. त्यांना असं बघून माझाच राग हळूहळू उतरत गेला. चूक करणारी माणसं इतकी साधी असली की रागवायचं तरी कुणावर, ते कळेनासं होतं.

तेवढ्यात दादांच्या खिशात फोन वाजला. त्यांनी तो काढून माझ्यापुढे धरला. सौ. अंजनी यांना विवाहाच्या वाढदिवसाच्या हार्दिक शुभेच्छा. एवढी वर्षं तो मेसेज माझ्या नावानं माझ्याच घरात येत होता, आणि मी तो पहिल्यांदा वाचत होते. मी शेवटपर्यंत वाचला आणि पुसून टाकला.

मग कॉम्प्युटरसमोर बसले. खातं उघडलं. कायमचं बंद करायचं का, असं त्यानं विचारलं. मी हो म्हटलं. सगळ्या तारखा जातील, परत मिळणार नाहीत, चालेल का, असं पुन्हा विचारलं. त्यालाही हो म्हटलं. पान कोरं झालं. शुभघटिकेचं आता कुठेच काही उरलं नव्हतं.

"झालं, काकू. आता निवांत झोपा."

"झोप कसली येते," काकू म्हणाल्या. त्यांनी चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला. "अंजनी, सूनबाईनं आता नवीन सॉफ्टवेअर घेतलंय. जुनी नावं त्यात एकेक घालतेय मी. तुझं..." त्या अडखळल्या. "घालू का? नको म्हणालीस तरी मी समजेन."

दादांनी माझ्याकडे पाहिलं नाही. ते खिडकीतून खाली रस्त्यावर बघत होते, पण कान इकडेच होते.

रात्रभर मी एवढंच ठरवलं होतं. लग्न करायचं की नाही ते नाही, फक्त हे एवढंच.

"घाला," मी म्हणाले. "पण मी सांगते तसं घाला. नकार यायचा असेल तर येऊ दे. माझ्यापर्यंत येऊ दे."

काकूंनी नवीन पान उघडलं आणि एका बोटानं टाइप करायला लागल्या. नाव. वय, तेही खरं. उंची.

"व्यवसाय?"

"स्वतःचं दुकान. पुढे चालू राहील, असं लिहा."

"बघण्याचा कार्यक्रम कुठे?"

"दुकानात. ज्याला बघायचं असेल त्यानं पोवई नाक्यावर यावं. पोहे मिळणार नाहीत."

"आन् मामाला संगं आणू नये म्हणावं," दादा खिडकीतूनच म्हणाले.

काकू हसल्या, आणि मग मीही हसले. माझं हसू जरा मोठ्यानंच आलं असावं, कारण दादांनी वळून पाहिलं. त्यांना काय वाटलं ते त्यांच्या तोंडावर दिसत होतं. मी उठून त्यांच्याजवळ गेले आणि रात्री धरला नव्हता तो हात धरला. पिठाचा नाही तर ग्रीसचा, कसला ना कसला वास त्या हाताला कायम असायचा.

काकूंनी सगळं एकदा मोठ्यानं वाचून दाखवलं आणि सेव्ह केलं. माझं नाव पडद्यावर आलं. नावाच्या शेजारी एक छोटी रिकामी चौकट होती. नव्या सॉफ्टवेअरमध्येही ती काकूंनी हट्टानं करून घेतली होती.

दादांनी डब्याची दोरी सोडली आणि डबा काकूंपुढे धरला. काकूंनी एक पेढा उचलून तोंडात टाकला. इतक्या वर्षांची सवय. पेढा जिभेवर आला आणि त्यांचा उजवा हात आपसूक माउसकडे गेला. पडद्यावरचा बाण माझ्या नावाशेजारच्या चौकटीकडे सरकायला लागला.

मी त्यांचं मनगट पकडलं.

"काकू, हे दुकानाचे आहेत."

काकूंनी माउस सोडला आणि दुसरा पेढा उचलला.